मागच्या ओट्यावरचा जबडा

१९६९ सालच्या एप्रिल महिन्यातल्या एका सोमवारी, सकाळी साडेसात ते आठच्या दरम्यान, जळगावातल्या एका घराच्या मागच्या ओट्यावरून एक जबडा नाहीसा झाला. जबडा कुत्र्याच्या कुळातल्या प्राण्याचा होता आणि काही हजार वर्षे जुना होता. नेणारा कुत्रा चार वर्षांचा होता.

त्या घरात तेव्हा तीन बिऱ्हाडे होती. रस्त्याकडच्या खोलीत मी राहत असे. धुळ्याहून निघणाऱ्या एका दैनिकाचा मी जळगावचा बातमीदार होतो. मागच्या दोन खोल्यांत कॉलेजात भूगर्भशास्त्र शिकवणारे एक प्रोफेसर राहत. ते अविवाहित होते. मधल्या मोठ्या भागात घरमालकांचे कुटुंब होते. दोन पिढ्यांपूर्वी मारवाडातून आलेले जैन, धंदा कापसाच्या जिनिंगचा. गाव त्यांना शेठजी म्हणे, आम्हीही म्हणायचो.

प्रोफेसर साक्री तालुक्यातले, पिंपळनेरच्या अलीकडच्या एका खेड्यातले, शेतकऱ्याचे चिरंजीव. वय बेचाळीस. नोकरीत त्यांना मातीचे प्रकार शिकवावे लागत. मन मात्र हाडांत होते. तापीच्या दरडी पावसाळ्यात कोसळत आणि उन्हाळ्यात ते तिथे जाऊन पडलेल्या मातीत जुन्या जनावरांची हाडे शोधत. अकरा वर्षांत त्यांना हत्तीच्या दाढा मिळाल्या, रानबैलाची शिंगे मिळाली, घोड्याचे दात मिळाले. त्यांना हवा होता कुत्रा.

“हत्ती मेला तर हाडं उरतात,” ते म्हणत. “कुत्रा मेला तर दुसरा कुत्रा काही उरू देत नाही.”

कुत्रा लांडग्यापासून कसा झाला, कधी झाला, आणि सह्याद्रीतल्या कोळसुंद्याचे, म्हणजे रानकुत्र्याचे, त्याच्याशी नाते किती, हा त्यांचा विषय. त्यासाठी जुनी हाडे लागत तशी नवीही लागत. जळगाव आणि धुळ्यात नगरपालिकेच्या गाडीवाल्यांना त्यांनी सांगून ठेवले होते की मेलेला कुत्रा दिसला तर फेकण्याआधी निरोप द्यायचा. धडापासून वेगळे केलेले डोके ते मडक्यात घालून कॉलेजच्या बागेत पुरत. पाच-सहा महिन्यांत किडे-मुंग्या काम करत आणि स्वच्छ कवटी मिळे. बागेत कुठे काय पुरले आहे याचा नकाशा त्यांच्याकडे होता. माळ्याकडे नव्हता. एकदा माळ्याने जास्वंद लावायला खड्डा खणला आणि त्यानंतर तो आठ दिवस कामावर आला नाही.

ही सगळी व्यवस्था कॉलेजात, कारण घरी परवानगी नव्हती. भाड्याने खोल्या देताना शेठजींनी अटी तोंडी सांगितल्या होत्या: मांस नाही, अंडे नाही, हाड नाही. तिसऱ्या अटीवर प्रोफेसर अडले. जमिनीत हजारो वर्षे राहून दगड झालेले हाड हे हाड धरायचे की दगड, असा प्रश्न त्यांनी काढला. शेठजींनी तो टाळला नाही. चातुर्मासासाठी गावात आलेल्या महाराजांना त्यांनी तो विचारला आणि निर्णय घेऊन परत आले.

“दगड झाला असेल तर चालेल. पण दगड झालाय की नाही, हे कोण ठरवणार?”

“मी,” प्रोफेसर म्हणाले.

“मग वास मी ठरवणार,” शेठजी म्हणाले. “वास आला तर ते हाड.”

हा करार सहा वर्षे पाळला गेला.

शेठजींच्या घरी रोज सकाळी पहिल्या दोन पोळ्या कुत्र्यांसाठी काढत. मागच्या दारी येणाऱ्या कुत्र्यांत एक तांबडा, एक कान फाटलेला, पिल्लू असल्यापासून तिथेच वाढलेला होता. तो ओट्यावर झोपे. त्याच्या वाटची पोळी शेठाणी ताकात कुस्करून देत. संवत्सरीच्या दिवशी घरच्यांचा उपवास असे, त्यालाही ताकावरच ठेवत. प्रोफेसरांना त्याच्यात रस होता.

“शेठजी, लांडगा माणसाच्या जवळ का आला माहीत आहे? उकिरड्यावरच्या हाडांसाठी.”

“आमच्या उकिरड्यावर दुधीची सालं असतात.”

“तरी हा आलाच ना.”

“हा हाडांसाठी नाही आला. याने जन्मात हाड पाहिलेलं नाही.” शेठजी हे अभिमानाने सांगत. घरी आलेल्या पाहुण्यांनाही सांगत.

जबडा त्या वर्षीच्या मार्चमध्ये मिळाला. शिरपूरच्या बाजूला तापीच्या दरडीत, वीस हात खाली, वाळूगोट्यांच्या थरात. डाव्या बाजूचा खालचा जबडा, लांबी वीतभर, दाढा जागेवर. प्रोफेसरांनी त्याच्यावर ओला कागद लावला, वरून गोणपाटाच्या पट्ट्या आणि प्लास्टर. प्लास्टर त्यांनी धुळ्याच्या एका दवाखान्यात हाड जोडणाऱ्या कंपाउंडरकडून आणले होते, त्यामुळे बांधणीही तशीच झाली. एसटीत प्रोफेसर ते पांढरे गाठोडे मांडीवर घेऊन बसले. सोनगीरजवळ कंडक्टर त्यांच्यापाशी थांबला.

“भाऊ, हात कोनाना शे?”

“हात नहीं, जबडा शे.”

“कोनाना?”

“कुत्राना.”

कंडक्टरने गाठोड्याकडे पाहिले. “बरा व्हई जाई,” तो म्हणाला आणि पुढे गेला. हे मला प्रोफेसरांनीच सांगितले.

घरी त्यांनी प्लास्टर सोडवून जबडा टेबलावर ठेवला आणि मला बोलावले. कुत्र्याच्या खालच्या जबड्यात एक मोठी, कात्रीसारखी दाढ असते. तिच्यामागे कुत्र्याला, लांडग्याला आणि कोल्ह्याला दोन लहान दाढा असतात. कोळसुंद्याला एकच असते. या जबड्यात मोठ्या दाढेमागे एक लहान दाढ होती आणि तिच्यामागे ज्वारीच्या दाण्याएवढी एक खाच. त्या खाचेत कधीतरी दुसरी दाढ होती. म्हणजे कोळसुंदा नाही. आकार लांडग्यापेक्षा लहान, कोल्ह्यापेक्षा मोठा.

“मग काय?” मी विचारले.

“ते मी म्हणणार नाही. पुण्याचे साहेब म्हणतील.”

पुण्याचे साहेब म्हणजे या विषयातले देशातले मोठे तज्ज्ञ. त्यांच्याकडे संशोधनाची एक जागा निघाली होती, मुदत दोन वर्षे. ती मिळाली असती तर प्रोफेसरांना मातीच्या प्रकारांतून सुटी मिळाली असती आणि कवट्यांना एक खोली. मडकी पुरत हिंडण्याची त्यांची अकरा वर्षे एका कागदावर आली असती. साहेबांनी पत्राने कळवले की येत्या बुधवारी मी भुसावळला कामासाठी येतो आहे, तेव्हा जळगावला उतरून जबडा पाहीन. जागेचे त्यानंतर ठरवू.

जबड्याची मागची बाजू खडूसारखी मऊ होती. हात लावला की भुगा येई. ती घट्ट करायला हवी होती. एरवी प्रोफेसर चपडा लाख स्पिरिटमध्ये विरघळवून लावत. स्पिरिट दारूबंदीच्या कायद्यामुळे परवान्यावर मिळे आणि कॉलेजचा वर्षाचा साठा ठरलेला असे. हा साठा दरवर्षी शिमग्याच्या सुमारास संपायचा. कारणे कॉलेजने कधी तपासली नाहीत. त्या वर्षीही तो संपला होता. रविवारी प्रोफेसरांनी सुताराकडून सरस आणला, पाण्यात भिजवला आणि सोमवारी सकाळी स्टोव्हवर उकळायला ठेवला.

सरस कातडी आणि हाडे उकळून करतात. उकळताना त्याचा वास मूळ ठिकाणी परत जातो.

सात वाजता शेठजी पूजेहून उठून मागच्या दारात आले.

“प्रोफेसरसाब, हे काय चाललंय?”

“डिंक आहे, शेठजी.”

“कुठल्या झाडाचा?”

प्रोफेसर खोटे बोलत नसत. तेव्हाही बोलले नाहीत, सरस ढवळत राहिले.

“आपला करार,” शेठजी म्हणाले.

प्रोफेसरांनी स्टोव्ह बंद केला. सरस दोन हात लावून झाला होता, जबडा ओला होता. तो वाळेपर्यंत आत ठेवता येत नव्हता. त्यांनी तो एका पाटावर ठेवून पाट मागच्या ओट्यावर उन्हात नेला आणि ते आंघोळीला गेले. ओट्याच्या दुसऱ्या टोकाला तांबडा कुत्रा झोपलेला होता, हे त्यांनी पाहिले होते. चार वर्षे ते त्याला तिथेच पाहत होते.

परत आले तेव्हा पाट होता.

मला हाक आली. मी गेलो तेव्हा प्रोफेसर पंचा गुंडाळून अंगणात उभे होते आणि शेठजी त्यांना समजावत होते.

“याने नेलं नसणार. त्याला हाड म्हणजे काय हेच माहीत नाही.”

“मग कोणी नेलं?”

“माकडं येतात.”

“जळगावात?”

“एखादं चुकून येतं,” शेठजी म्हणाले.

तेवढ्यात कुत्रा फाटकातून आत आला. मिशांना माती लागलेली होती. तो पाटापाशी गेला, पाट चाटला आणि आपल्या जागी जाऊन झोपला. शेठजी म्हणाले की त्याला पाटावरच्या ताकाची सवय आहे.

त्या दिवशी प्रोफेसरांनी कॉलेजला सुटी टाकली. कुत्रे नेलेले हाड पुरून ठेवते, हे त्यांना शास्त्र म्हणून माहीत होते. त्यांनी अंगणाला सुतळीचे चौकोन पाडले, प्रत्येकाला नंबर दिला आणि तापीच्या दरडीत खणतात तसे एकेक चौकोन खणून माती चाळायला सुरुवात केली. संध्याकाळपर्यंत सोळा चौकोन झाले. शेठाणींची हातात घालायची एक चांदीची बिंदली मिळाली, ती सात वर्षांपूर्वी मोलकरणीवर आळ घेऊन विसरली गेली होती. शेठाणींनी ती पदरात बांधली आणि आत गेल्या. जबडा मिळाला नाही.

मंगळवारी सकाळी कॉलेजचे शिपाई आले. धुळ्याकडचे, साठीला आलेले, सगळे त्यांना नाना म्हणत. पान खात. कवट्यांच्या मडक्यांचे खरे काम तेच करत. त्यांनी सुतळीच्या चौकोनांवरून एक नजर फिरवली.

“सर, हाई काय लावंशे?”

“जबडा शोधतोय, नाना.”

“बठ्ठं आंगन खंदी काढं. जेन्ही नेयं त्याले इचारं का?”

“त्याला काय विचारणार?”

“त्याले आखो एक द्या ना.”

नाना कॉलेजात गेले आणि जादा असलेला एक जबडा घेऊन आले. धुळ्याच्या स्टेशनाजवळ मेलेल्या कुठल्याशा कुत्र्याचा होता. प्रोफेसरांनी तो वाटीतल्या उरलेल्या सरसात बुडवला. शेठजींना त्या वेळी दुकानी जायचे होते, पण ते गेले नाहीत. जबडा पाटावर ठेवला, पाट ओट्यावर ठेवला, आणि आम्ही चौघे खिडकीआड उभे राहिलो.

कुत्र्याने एक डोळा उघडला. उठला, आळस दिला, पाटापाशी आला. शेठजी माझ्या कानाशी पुटपुटले, “नुसता वास घेईल.” त्याने जबडा तोंडात धरला आणि दुडक्या चालीने फाटकाबाहेर पडला.

पुढे कुत्रा, मागे नाना, त्यांच्यामागे प्रोफेसर, शेठजी आणि मी. कुत्रा घाईत नव्हता. दोन ठिकाणी थांबून त्याने खांबांची चौकशी केली, तेव्हा आम्हीही थांबलो. एका दुकानदाराने शेठजींना विचारले की सकाळीच कुठे. शेठजी म्हणाले, जिनिंगकडे. त्यांना तेव्हा ठाऊक नव्हते की ते खरे आहे. कुत्रा वळला तो त्यांच्याच जिनिंगच्या आवारात, आणि तिथे सरकीचा जो ढीग होता त्याच्या मागच्या बाजूला जाऊन खणू लागला.

सरकीत हात कोपरापर्यंत सहज जातो. नानांनी चौथ्या खेपेला जुना जबडा बाहेर काढला. त्याआधी त्यांच्या हाताला शेठजींच्या दिवाणजींची एक चप्पल लागली. ती त्यांनी बाजूला ठेवली.

दाढा शाबूत होत्या. ज्वारीच्या दाण्याएवढी खाचही शाबूत होती. पण मागच्या मऊ भागावर, सरस ओला असताना, तीन खड्डे आणि एक लांब ओरखडा उमटला होता. जुने हाड तपकिरी होते, खुणा खडूसारख्या पांढऱ्या. लांबूनही दिसत होत्या.

प्रोफेसर ढिगाच्या कडेला बसले.

“नुसतं धरलंय,” शेठजी म्हणाले. “चावलेलं नाही.”

बुधवारी अकराच्या गाडीने साहेब आले. उंच, कमी बोलणारे. कॉलेजच्या प्रयोगशाळेत टेबलावर जबडा ठेवून त्यावर पांढरा कपडा घातला होता. प्रोफेसरांनी ठरवले होते की साहेबांनी खुणांबद्दल विचारले की घडले ते सांगायचे. खुणा पांढऱ्या असल्याने विचारतीलच, अशी त्यांची अटकळ होती. कपडा बाजूला झाला तेव्हा मी त्यांच्या शेजारी होतो. खुणा तपकिरी होत्या. हाडाचा जो रंग, तोच खुणांचा. प्रोफेसरांनी जबड्याकडे पाहिले, मग नानांकडे. नाना दाराशी उभे होते. त्यांच्या तोंडात पान होते आणि ओठ लाल नव्हते.

साहेबांनी कंपास काढून मापे घेतली. बारा मिनिटांनी म्हणाले, “लांडगाच. मादी असेल, म्हणून लहान. चांगला नमुना आहे.” चांगला हा शब्द त्यांनी ज्या आवाजात उच्चारला, त्यावरून जागेचे काय होणार ते कळत होते. त्यांनी जबडा उलटा केला आणि भिंग डोळ्याला लावले.

“हे काय आहे?”

प्रोफेसर पुन्हा नानांकडे पाहू लागले. उत्तर साहेबांनीच दिले.

“दातांच्या खुणा आहेत. कुत्र्याच्या कुळातल्याच कोणाच्या तरी. हे तुम्ही पत्रात लिहिलं नाही.”

“पत्र लिहिताना मला त्या दिसल्या नव्हत्या,” प्रोफेसर म्हणाले.

“होतं असं. आपण दातच बघत राहतो.” साहेब आता बरेच बोलू लागले. लांडग्याला लांडग्याने खाल्ले असेल. किंवा याहून महत्त्वाचे, माणसाच्या वस्तीजवळच्या एखाद्या अर्धवट माणसाळलेल्या जनावराने. असे दुसरे उदाहरण त्यांना माहीत नव्हते. दोघांनी मिळून लेख लिहावा. जागेचा अर्ज प्रोफेसरांनी आजच भरून द्यावा. मग ते माझ्याकडे वळले आणि म्हणाले की वृत्तपत्राला एवढे छापायला हरकत नाही.

व्हरांड्यात प्रोफेसरांनी नानांना गाठले.

“नाना, रंग कशाचा?”

“कात शे, सर. पान्यामा घोळीसन लावा. बठ्ठा कात त्यामाच गया, सकायपाईन पान कोरडं खाई ऱ्हायनू.”

“कोणी सांगितलं होतं?”

“कोनी नहीं. पोऱ्याना लगीनले पाव्हना येस तव्हय भितडाले पोतारा देतस का नहीं?”

माझी बातमी धुळ्याला ट्रंककॉलने जायची. कचेरीत ती घेण्याची शेवटची वेळ संध्याकाळी सात. मी प्रोफेसरांना विचारले की काय पाठवू.

“साहेब बोलले ते पाठवा.”

“आणि मी सरकीत पाहिलं ते?”

ते कॉलेजच्या बागेकडे पाहत राहिले. तिथे त्या वेळी नऊ मडकी जमिनीत होती.

“सातपर्यंत वेळ आहे ना?” ते म्हणाले.

साहेबांची गाडी आठला होती. शेठजींनी त्यांना जेवायला बोलावले होते. त्या घरात सूर्यास्तानंतर जेवत नसल्याने ताटे सव्वापाचलाच मांडली. उकाड्यामुळे मागच्या ओट्यावर बसलो. साहेब, प्रोफेसर, शेठजी आणि मी. नाना जेवणाआधी निघणार होते, पण शेठाणींनी त्यांनाही पान वाढले. तांबडा कुत्रा आपल्या टोकाला होता. वरणबट्टी, गट्ट्याची भाजी आणि ताक असा बेत होता. साहेब खुशीत होते. शेठजींनी विचारले की प्रोफेसरांचे काम जमले का.

“उत्तम,” साहेब म्हणाले. “तुमच्या भाडेकरूंनी मोठी गोष्ट शोधली आहे. त्या जबड्यावर चावल्याच्या खुणा आहेत.”

शेठजींचा हात ताटातच थांबला. “चावल्याच्या?”

“हो. हजारो वर्षांपूर्वी कोणीतरी चावलेलं आहे.”

“हजारो वर्षांपूर्वी,” शेठजी म्हणाले. “नक्की?”

“माझी खात्री आहे.”

शेठजी प्रोफेसरांकडे वळले. चेहरा उजळला होता. “ऐकलंत ना? मी परवापासून काय सांगतोय? आमच्याने चावलंच नाही. मोठे साहेब सांगतायत आता.” आणि त्यांनी शेठाणींना हाक मारून कुत्र्याला तूप लावलेली बट्टी द्यायला सांगितले.

“कोणाच्याने?” साहेबांनी विचारले.

शेठजी उत्साहाने कुत्र्याकडे बोट दाखवणार होते. प्रोफेसरांनी ताट बाजूला केले.

“शेठजी, त्यानेच चावलंय,” ते म्हणाले. “साहेब, परवा सकाळी. या इथून नेलं. काल सरकीतून काढलं. मी सकाळीच सांगायला हवं होतं.”

शेठजी म्हणाले की हे सिद्ध झालेले नाही. प्रोफेसर उठले, स्वयंपाकघराच्या दाराशी गेले आणि शेठाणींकडून कणकेचा एक घट्ट गोळा मागून आणला. त्याला तूप चोपडले आणि कुत्र्यापुढे धरला. कुत्र्याने गोळा दाबून धरला आणि प्रोफेसरांनी तो निम्म्यातून ओढून घेतला. कुत्र्याला असे कोणी कधी केले नव्हते. त्याने शेठजींकडे पाहिले.

जबडा प्रोफेसरांच्या पिशवीत होता. त्यांनी तो आणि गोळा शेजारी ठेवून कंपास साहेबांच्या हातात दिला. कुत्र्याचा वरचा डावा सुळा अर्धा तुटलेला होता, त्यामुळे कणकेत एक खड्डा उथळ आणि चपटा उमटला होता. जबड्यावरच्या तीन खड्ड्यांतला एक उथळ आणि चपटा होता. अंतरे जुळली. साहेबांनी ती तीन वेळा मोजली. मग रुमालाचे टोक पाण्याच्या भांड्यात बुडवून त्यांनी खुणेवरून फिरवले. रुमालाला लाल डाग पडला आणि खूण पांढरी झाली.

“आणि हे?”

“कात शे, साहेब,” नाना म्हणाले. “सरले ठाऊक नव्हतं. मीच लावा.”

साहेबांनी रुमाल घडी करून खिशात ठेवला. मग त्यांनी कुत्र्याकडे पाहिले. त्याला उरलेली कणीक मिळाली होती.

“याला काय खायला घालता?” साहेबांनी शेठजींना विचारले.

“पोळी आणि ताक. जन्मापासून.”

“हाड कधीच नाही?”

“सोमवारपर्यंत नाही,” शेठजी म्हणाले. आवाज खाली गेला होता.

साहेबांनी वही काढून ते लिहून घेतले. ताटातले संपवले, शेठाणींना नमस्कार केला आणि पावणेसातला स्टेशनकडे निघाले. प्रोफेसर त्यांना पोचवायला गेले. टांग्यात दोघे काय बोलले, ते मला माहीत नाही. अर्ज भरलेला नव्हता.

सातला पाच मिनिटे कमी असताना मला धुळ्याचा फोन लागला. मी दोन वाक्ये सांगितली: तापीच्या काठी सापडलेला प्राचीन जबडा लांडग्याचा असल्याचे मत तज्ज्ञांनी व्यक्त केले, त्यांनी कॉलेजला भेट दिली. उपसंपादकाने विचारले की एवढ्यासाठी ट्रंककॉल कशाला. बातमी तिसऱ्या पानावर, केळीच्या भावाखाली आली.

जूनमध्ये पुण्याची जागा नागपूरच्या एका गृहस्थांना मिळाली. त्याच आठवड्यात साहेबांचे प्रोफेसरांना पत्र आले. आजच्या कुत्र्याच्या दातांच्या खुणा ताज्या हाडावर, वाळलेल्या हाडावर आणि जुन्या हाडावर कशा उमटतात, याची नीट नोंद कोणीतरी करायला हवी आहे, म्हणजे इतरांची फसगत होणार नाही. ‘इतरांची’ या शब्दाखाली त्यांनी रेघ ओढली होती.

पुढची नऊ वर्षे प्रोफेसरांनी ते केले. जळगाव, धुळे, साक्री आणि पिंपळनेरच्या कुत्र्यांना त्यांनी हाडे दिली आणि परत घेतली. दुसरे काम पहिल्यापेक्षा अवघड होते, नानांच्या पोटरीवर त्याची नोंद आहे. या विषयावर त्यांचे तीन लेख छापून आले. मूळ प्रश्न, कुत्रा लांडग्यापासून कधी झाला, तो त्यांनी सोडला नाही. दर उन्हाळ्यात तापीवर जात राहिले. दुसरा जबडा मिळाला नाही.

कवट्यांना खोली मिळाली ती शेठजींकडून, जिनिंगच्या आवारात. कुत्र्याने खुणा केल्या हे त्यांनी तोंडाने कबूल केले नाही. ओट्यावरच्या जेवणानंतर चौथ्या दिवशी त्यांनी किल्ली आणून दिली आणि म्हणाले, “तिथे काहीही ठेवा. फक्त सरस नको.” कुत्रा १९७४ च्या हिवाळ्यात ओट्यावरच मेला. प्रोफेसरांनी कवटीबद्दल विचारले नाही. शेठजींनी कुत्रा आवारातल्या लिंबाखाली पुरला. पुरण्याआधी नाना मडके घेऊन फाटकापर्यंत आले होते. त्यांना चहा देऊन परत पाठवण्यात आले.

१९७८ साली जळगाव सोडण्याआधी मी ती खोली पाहिली. दोन कपाटे होती, दुसऱ्याच्या वरच्या फळीवर जबडा. बाजूला कणकेच्या गोळ्याचा प्लास्टरमध्ये घेतलेला ठसा. चिठ्ठी प्रोफेसरांच्या अक्षरातली, शाई फिकट झालेली. तिच्यावर चार ओळी होत्या:

लांडगा, मादी, डावा खालचा जबडा. तापी, शिरपूरजवळ.

दातांच्या खुणा: अलीकडच्या. जळगाव, एप्रिल १९६९.

करणारा: कुत्रा, गावठी, नर, तांबडा, वरचा डावा सुळा तुटलेला.

आहार: पोळी, ताक.